वापर थांबला, पण पैसे थांबले का?

तव्यावर भाकरी असेल तर ती उलटून घ्या आणि रेडिओचा आवाज थोडा वाढवा. आजचा विषय आपल्या सगळ्यांच्या खात्याशी संबंधित आहे. दर महिन्याला ठरलेल्या तारखेला आपल्या बँक खात्यातून आपोआप कापले जाणारे पैसे कसे ओळखायचे आणि नको असतील तर कसे थांबवायचे, हे आज आपण बघणार आहोत.

आपल्या गटाची पंचसूत्री तुम्हा सगळ्यांना पाठ आहे. नियमित बैठक, नियमित बचत, नियमित अंतर्गत कर्ज, नियमित परतफेड आणि नियमित हिशेब. गटाच्या वहीत एक रुपया इकडचा तिकडे झाला तर आपण बैठक उठू देत नाही. पण स्वतःच्या खात्याचं पासबुक मात्र ट्रंकेत साडीच्या घडीखाली असतं. गटागटांत फिरताना आम्ही सहयोगिनी हे नेहमी बघतो. गटाचा हिशेब चोख आणि स्वतःच्या खात्यात काय आलं, काय गेलं, याचा पत्ता नाही.

आमच्या एका गटातल्या ताईंची गोष्ट सांगतो. त्यांच्या परवानगीने सांगतो आहोत, नाव मात्र घेत नाही. त्यांच्या घरी छोटा हत्ती होता. सकाळी भाजी बाजार समितीत पोचवायची आणि लग्नसराईत मंडपवाल्याचं भाडं मारायचं. गाडी चिखलाने माखायची. तालुक्याच्या गावी रस्त्यालगत एक नवीन वॉशिंग सेंटर निघालं. तिथे पाटी लागली : मासिक सभासद व्हा, पहिला महिना 99 रुपये, पुढे दरमहा 499 रुपये, महिन्यातून चार वेळा गाडी धुऊन मिळेल. एरवी एका वेळचे 200 रुपये पडायचे. म्हणजे 800 रुपयांचं काम 499 मध्ये. गाडी रोज धावत होती तोवर सौदा चांगलाच होता. घरच्यांनी सेंटरवरचा क्यूआर कोड स्कॅन केला, पिन टाकला आणि सभासद झाले. फोनला जोडलेलं खातं ताईंचं होतं.

पुढे दिवाळीच्या आधी त्यांनी टेम्पो विकला. गाडीच नाही म्हटल्यावर ती धुवायला कोण जाणार? सेंटरला जाणं बंद झालं. घरात सगळ्यांनी धरून चाललं की सभासदत्वही संपलं. पण दर महिन्याच्या 5 तारखेला 499 रुपये जातच राहिले. मेसेज यायचा तो इंग्रजीत आणि फोन असायचा दिवसभर बाहेर असलेल्या मुलाकडे. नोव्हेंबर ते मे, सात हप्ते गेले. 3,493 रुपये. आमच्या त्या गटात महिन्याची बचत 200 रुपये आहे. म्हणजे जवळजवळ साडेसतरा महिन्यांची बचत विकलेली गाडी धुण्यात गेली.

हे कळलं कसं, तेही ऐका. आमच्या गटांमध्ये दरवर्षी जूनच्या बैठकीत प्रत्येकीच्या पासबुकात दोन नोंदी शोधायची पद्धत आहे. एक 20 रुपयांची, प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेची. दुसरी 436 रुपयांची, प्रधानमंत्री जीवन ज्योती विमा योजनेची. या दोन्ही विम्यांचं वर्ष 1 जून ते 31 मे असतं, आणि पुढच्या वर्षाचा हप्ता मे महिन्याच्या शेवटी खात्यातून आपोआप कापला जातो. पहिला विमा अपघाताचा आणि दुसरा कोणत्याही कारणाने झालेल्या मृत्यूचा. दोन्हींत घरच्यांना 2 लाख रुपये मिळतात.

ताईंच्या पासबुकात 20 रुपयांची नोंद सापडली. 436 ची सापडेना. वर बघितलं तर मेच्या शेवटी खात्यात शिल्लक होती 312 रुपये. त्यातून 20 गेले, राहिले 292. त्यातून 436 कुठून कापणार? त्याच महिन्याच्या 5 तारखेला गेलेले 499 खात्यात असते, तर विमा चालू राहिला असता. 1 जूनपासून ताईंचा जीवन विमा बंद होता आणि घरात कोणालाही त्याची खबर नव्हती.

त्याच आठवड्यात बँकेत जाऊन ताईंनी पुन्हा 436 रुपये भरून नोंदणी केली. पण या योजनेचा एक नियम आहे. नव्याने नोंदणी केल्यावर पहिले 30 दिवस, अपघात सोडून दुसऱ्या कारणाने मृत्यू झाला, तर विम्याचे पैसे मिळत नाहीत. ताईंना बीपी आहे, दोन मुलं शिकताहेत. ते तीस दिवस त्या घराने मोजून काढले. सगळं सुखरूप पार पडलं. पण 499 रुपयांच्या मागे 2 लाखांचं छत्र जाऊ शकतं, हे आमच्या सगळ्या गटांनी तेव्हा बघितलं. म्हणून आजचा विषय.

आता मुळात हे पैसे आपोआप कापले कसे जातात, ते समजून घेऊ. मासिक सभासदत्व म्हणजे एका दाव्याला दोन गाठी. पहिली गाठ दुकानाशी. तिथे आपलं नाव सभासद म्हणून लिहिलेलं असतं. दुसरी गाठ बँकेशी. आपण बँकेला हुकूम दिलेला असतो की अमक्याने मागितले की दर महिन्याला इतके पैसे दे. या हुकमाला बँकेच्या भाषेत मँडेट म्हणतात. जाणं बंद केलं की यातली एकही गाठ सुटत नाही. फोनमधलं ॲप काढून टाकलं तरी सुटत नाही, कारण हुकूम बँकेकडे नोंदलेला असतो. फोन बदलला, सिम बदललं, तरी तो हुकूम चालूच राहतो.

नुसती दुकानाची गाठ सोडली आणि बँकेची तशीच ठेवली, तर दुकानदाराच्या चुकीने किंवा मुद्दाम पैसे जात राहू शकतात. नुसती बँकेची सोडली आणि दुकानाला कळवलं नाही, तर दुकानदार म्हणणार, तुमचे तीन महिने थकले, आधी ते द्या. म्हणून दोन्ही गाठी सोडायच्या, आणि दोन्ही सोडल्याचा पुरावा ठेवायचा.

बँकेच्या गाठीचे आपल्याकडे मुख्य तीन प्रकार दिसतात.

पहिला, यूपीआय ऑटोपे. फोनवरून पैसे पाठवायच्या ॲपमध्ये असतो तो. ही सोय जुलै 2020 पासून सुरू झाली. सुरुवातीला एकदा आपण पिन टाकतो. त्यानंतर दर महिन्याला पिन विचारला जात नाही. साधारणपणे 15,000 रुपयांपर्यंतची रक्कम पिनशिवाय जाऊ शकते. ताईंच्या घरी हाच प्रकार होता. तो बंद करायचा तर ज्या ॲपवरून चालू केला ते ॲप उघडा. आपल्या फोटोवर किंवा नावावर बोट ठेवलं की यादी उघडते. त्यात ऑटोपे किंवा मँडेट असं लिहिलेलं असतं. तिथे चालू असलेले सगळे हुकूम दिसतात. नको असलेल्यावर बोट ठेवा आणि कॅन्सल किंवा रिव्होक निवडा. पॉज म्हणजे थोड्या दिवसांसाठी थांबवणं, ते कायमचं रद्द करणं नव्हे. शेवटी पिन विचारला जाईल, तो टाका. रद्द झाल्याचा मेसेज आला की त्याचा फोटो, म्हणजे स्क्रीनशॉट, काढून ठेवा.

दुसरा प्रकार, एटीएम कार्डावरचा किंवा क्रेडिट कार्डावरचा हुकूम. कार्डाचा नंबर एकदा एखाद्या ॲपला दिला की दर महिन्याला त्यावरून पैसे जातात. याबाबत रिझर्व्ह बँकेचे नियम 1 ऑक्टोबर 2021 पासून कडक झाले. बँकेने पैसे कापण्याच्या निदान 24 तास आधी आपल्याला कळवायचं, कोण किती कापणार आहे ते सांगायचं, आणि आपल्याला तो हुकूम कधीही मागे घेता येईल अशी सोय द्यायची. यूपीआय ऑटोपेलाही आधी कळवण्याचा नियम आहे. म्हणून तो इंग्रजी मेसेज पुसून टाकू नका. त्यातला आकडा आणि तारीख आपल्याला वाचता येते. तेवढं वाचलं तरी पुष्कळ.

तिसरा प्रकार कागदावरचा. फायनान्सच्या कर्जाला, विम्याला, कधी फ्रिजच्या हप्त्याला आपण एका फॉर्मवर सही करतो. त्याला नॅच म्हणतात. पासबुकात इंग्रजी एन, ए, सी, एच ही चार अक्षरं किंवा ए, सी, एच ही तीन अक्षरं छापलेली दिसतील. हा हुकूम बंद करायला शाखेत लेखी अर्ज द्यायचा. प्रत्येक मँडेटला स्वतःचा एक क्रमांक असतो, तो शाखेतून विचारून अर्जात लिहायचा. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्यायची. शिक्क्याशिवाय बँकेतून बाहेर पडायचं नाही.

तिन्ही प्रकारांत एक गोष्ट पाळा. कापणीच्या तारखेच्या आदल्या रात्री धावपळ करू नका. पाचसहा दिवस हाताशी ठेवून रद्द करा, आणि पुढच्या महिन्याची ती तारीख उलटली की पासबुक भरून घेऊन बघा.

आता दुकानाची गाठ. ताई आणि आमच्यातल्या दोघी मिळून त्या सेंटरवर गेलो. तिथे गाड्या धुणारी पोरं बिचारी पाण्यात उभी राहून काम करत होती, त्यांच्या हातात काही नव्हतं. काउंटरवरच्या माणसाने सांगितलं, रद्द करायचं ते ॲपवरूनच होतं. ॲपमध्ये सभासद व्हायचं बटण पहिल्याच पानावर, मोठं, हिरवं. रद्द करायचं बटण शोधायला आम्हाला पाऊण तास लागला. ते सापडलं तर त्याने विचारलं, तुम्हाला खरंच एवढी सवलत सोडायची आहे का? हो म्हटलं, तर पुढे कारण विचारलं. कारण दिलं, तर आमचा माणूस फोन करेल असं आलं. फोन काही आला नाही.

मैत्रिणींनो, घेताना एक पायरी आणि सोडताना दहा पायऱ्या, याला कायद्यात नाव आहे. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने 30 नोव्हेंबर 2023 रोजी मार्गदर्शक सूचना काढल्या. ॲपवर आणि संकेतस्थळावर गिऱ्हाइकाला फसवण्याच्या 13 क्लृप्त्या त्यात दिल्या आहेत. त्यांना डार्क पॅटर्न म्हणतात. त्यातली एक म्हणजे सबस्क्रिप्शन ट्रॅप, आपल्या शब्दांत वर्गणीचा सापळा. रद्द करणं अशक्य करणं किंवा किचकट करणं, रद्द करायची सोय लपवणं, फुकट सेवेसाठी आधीच खात्याची माहिती मागणं, हे सगळं त्यात येतं. म्हणजे आपण तक्रार केली तर ती किरकिर ठरत नाही. कायदा आपल्या बाजूला आहे.

आम्ही काय केलं? आधी ताईंच्या फोनवरून ऑटोपे रद्द केला, म्हणजे पुढची कापणी थांबली. मग सेंटरच्या नावाने पत्र लिहिलं. पत्र साधं होतं. तुम्हीही असंच लिहू शकता. आम्ही सावकाश सांगतो, लिहून घ्या :

‘मी आपल्याकडे मासिक सभासद आहे. माझा नोंदलेला मोबाइल क्रमांक अमुक. हे सभासदत्व मी आजच्या तारखेपासून रद्द करत आहे. यापुढे माझ्या खात्यातून रक्कम घेऊ नये. अमुक महिन्यापासून मी सेवा घेतलेली नाही. त्या काळात घेतलेली रक्कम परत करावी. सभासदत्व रद्द झाल्याचे लेखी किंवा मेसेजने कळवावे.’ खाली सही आणि तारीख.

हे पत्र हातात द्या आणि पोच घ्या. पोच देत नसतील तर स्पीड पोस्टाने किंवा ईमेलने पाठवा, म्हणजे पाठवल्याची नोंद राहते. ज्या नंबरवर सभासद झालात त्याच नंबरवरून त्यांच्या व्हॉट्सॲपवरही टाका.

आठ दिवसांत उत्तर आलं नाही, तेव्हा राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या 1915 या क्रमांकावर तक्रार नोंदवली. या हेल्पलाइनवर मराठीत बोलता येतं. तक्रारीचा क्रमांक मिळतो, तो लिहून ठेवायचा. त्यानंतर सेंटरवाल्यांचा फोन आला आणि शेवटच्या दोन हप्त्यांचे 998 रुपये त्यांनी परत केले. आधीचे पाच हप्ते द्यायला ते तयार झाले नाहीत. सभासद होताना मान्य केलेल्या अटींत वापर केला नाही तरी शुल्क लागू राहील असं लिहिलेलं होतं. ताईंनी तिथे थांबायचं ठरवलं. पुढे जायचं असेल तर जिल्हा ग्राहक आयोग आहे. तिथे 5 लाखांपर्यंतच्या व्यवहाराच्या तक्रारीला फी लागत नाही आणि वकील लावलाच पाहिजे असंही नाही. पण गेलेले सगळे पैसे परत येतीलच असा भरवसा ठेवू नका. गळती जितकी लवकर दिसेल तितकं नुकसान कमी, एवढं लक्षात ठेवा.

मँडेट रद्द केल्यावरही बँकेतून पैसे गेले, तर ती तक्रार बँकेची. आधी शाखेत लेखी द्या. 30 दिवसांत उत्तर नाही किंवा उत्तर पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे तक्रार करता येते. पैसे लागत नाहीत. माहितीसाठी 14448 हा क्रमांक आहे.

एक इशारा मात्र फार महत्त्वाचा. रद्द करायच्या घाईत इंटरनेटवर कस्टमर केअरचा नंबर शोधून फोन लावू नका. तिथे भामट्यांनी टाकलेले खोटे नंबर असतात. समोरचा गोड बोलतो, ताई, तुमचे पैसे परत करतो, आलेली लिंक दाबा, पिन टाका. पैसे मिळवण्यासाठी पिन कधीच लागत नाही. पिन टाकला म्हणजे पैसे तरी जातात नाहीतर आपण कोणता तरी हुकूम तरी देतो. पिन फोनवर कोणालाही सांगायचा नाही. तरीही फसवणूक झाली, तर तासाभराचाही उशीर न करता 1930 ला फोन करा आणि बँकेला कळवा.

आता दुसरी बाजू. हे सगळं ऐकून कोणी म्हणेल, मग सगळेच ऑटोपे बंद करून टाकू, कटकट नको. असं करू नका. काही कापण्या आपल्या राखणदार आहेत. 20 रुपयांचा आणि 436 रुपयांचा विमा, अटल पेन्शनचा हप्ता, आवर्ती ठेव या आपल्या भल्याच्या आहेत. त्यांच्यासाठी खात्यात पैसे ठेवायचे असतात. कर्जाच्या हप्त्याचं तर वेगळंच आहे. कर्जाचा मँडेट बंद केला तर हप्ता कापणं थांबतं, कर्ज थांबत नाही. व्याज चढतं, दंड लागतो आणि सिबिलवर डाग पडतो. उद्या गटाला बँकेचं कर्ज घ्यायचं असेल तर तो डाग आडवा येतो. कर्जाच्या हप्त्याची अडचण असेल तर आधी बँकेशी बोला, गटाशी बोला.

काही मैत्रिणी एक युक्ती करतात. खात्यात पैसे आले की लगेच सगळे काढून घेतात. म्हणतात, पैसेच नसले तर कापणार काय? पण मँडेट परत गेला की बऱ्याच बँका त्याचा दंड लावतात, आणि पुढे पैसे जमा झाले की आधी तो दंड वळता करून घेतात. शिवाय विम्याचा हप्ता हुकतो. ताईंच्या विम्याचं जे झालं ते शिल्लक कमी पडल्यामुळेच झालं. नको असलेली कापणी थांबवायला खातं रिकामं करायचं नसतं, हुकूम मागे घ्यायचा असतो.

तुम्ही म्हणाल, आमच्याकडे कुठे गाडी आणि कुठे तिचं वॉशिंग! खरं आहे. पण मोबाइलवर सिनेमे आणि मालिका बघायची वर्गणी, मुलांच्या अभ्यासाचं ॲप, फोनमधली गाण्यांची कॉलर ट्यून, जिमची फी, पाणी शुद्ध करणाऱ्या मशीनची देखभाल, सगळीकडे आता हाच मासिक प्रकार आहे. पहिला महिना एक रुपया किंवा फुकट, आणि पुढे आपोआप चालू. आज लाडकी बहीण योजनेचे महिन्याला 1,500 रुपये ज्यांच्या खात्यात येतात, त्यांनी हिशेब करून बघा. 499 च्या तीन वर्गण्या म्हणजे 1,497 रुपये. हातात उरतात तीन रुपये.

म्हणून पिन टाकण्याआधी फोनवर चार गोष्टी वाचायच्या. किती रुपये, किती दिवसांनी, कधीपासून आणि कधीपर्यंत. ‘किती रुपये’ बघताना कमाल रक्कम बघा. वर्गणी 499 ची असली तरी हुकूम त्याहून मोठ्या रकमेपर्यंतचा मागितलेला असू शकतो. ‘कधीपर्यंत’ बघताना साल बघा. तिथे बऱ्याचदा कितीतरी वर्षांनंतरचं साल असतं. आणि दुकानदाराला तोंडावर विचारा, दादा, सोडायचं झालं तर कसं सोडायचं? जो घेताना सोडायची रीत सांगू शकत नाही, त्याचा सभासद व्हायची घाई करू नका. महिन्याच्या महिन्याला रोख देऊन काम होत असेल तर ते सगळ्यांत सोपं. ज्या महिन्यात गेलो नाही, त्या महिन्याचे पैसे द्यायचे नाहीत.

आता घरातलं बोलू. खातं बाईचं, फोन मुलाचा, पिन नवऱ्याला माहीत, असं पुष्कळ घरांत आहे. अशा घरात पासबुक बघितलं आणि न ओळखीची नोंद सापडली, की पहिला शब्द भांडणाचा निघतो. तसं करू नका. ताईंच्या घरीही कोणी चोरी केली नव्हती. सगळ्यांना वाटत होतं की ते बंद झालंय. कोणाला जाब विचारण्याऐवजी एक यादी करा. रात्री जेवणं झाली की फोन आणि पासबुक घेऊन सगळे बसा. घरातल्या प्रत्येक खात्यातून दरमहा काय जातं, किती जातं, कोणत्या तारखेला जातं, आणि ते अजून हवंय का, हे वहीच्या पानावर लिहा. ते पान कॅलेंडरच्या मागे चिकटवा. पण एक गोष्ट ठामपणे सांगा. खातं माझ्या नावाचं आहे, तर त्यावरचा नवा हुकूम मला विचारल्याशिवाय जाणार नाही आणि पिन मीच टाकणार. हे भांडून सांगायचं नाही, पण सांगायचं नक्की.

आमच्या गटांनी आता एक ठराव केला आहे. दर तीन महिन्यांनी बैठकीत दहा मिनिटं पासबुक वाचनाची. त्या आधीच्या आठवड्यात प्रत्येकीने बँकेतून किंवा बँक सखीकडून नोंदी भरून आणायच्या. शिल्लक किती ते मोठ्याने सांगायची गरज नाही, ती ज्याची त्याला. एकमेकींनी फक्त नोंदी ओळखायला मदत करायची. एकच रक्कम, एकाच तारखेच्या आसपास, दर महिन्याला जाताना दिसली की त्यावर पेन्सिलने गोल करायचा आणि विचारायचं : हे काय आहे? उत्तर आलं तर ठीक. उत्तर नाही आलं, तर दुसऱ्या दिवशी दोघीतिघींनी मिळून बँकेत जायचं. एकटीला काउंटरवर ‘उद्या या’ म्हणतात. तिघींना बसायला खुर्ची देतात, हा आमचा अनुभव आहे.

पहिल्याच वाचनात आमच्या एका गटात चौदा जणींपैकी पाच जणींच्या पासबुकात असे गोल पडले. एकीची दोन वर्षांपूर्वीची कॉलर ट्यून, एकीचं मुलाचं अभ्यासाचं ॲप, जे मुलाने दोन महिन्यांतच सोडलं होतं. आणि एक गोल असा निघाला की तो अटल पेन्शनचा होता. त्या ताई तो बंद करायला निघाल्या होत्या, कारण तो हप्ता कशाचा हेच त्या विसरल्या होत्या. पासबुक वाचल्याने त्यांचं म्हातारपणाचं पेन्शन वाचलं. नको असलेलं सोडायचं आणि हवं असलेलं जपायचं, दोन्ही कामं त्या दहा मिनिटांत होतात.

तर या आठवड्याचं काम ऐका. पासबुक भरून आणा. मागच्या तीन महिन्यांच्या नोंदी बघा. जे गोल पडतील त्यांचे तीन भाग करा : ठेवायचे, सोडायचे आणि विचारायचे. सोडायचे असतील त्यांच्या दोन्ही गाठी सोडा, दुकानाची आणि बँकेची. आणि मे महिना येईल तेव्हा 15 तारखेच्या आतच खात्यात निदान 500 रुपये शिल्लक ठेवा, दोन्ही विमे चालू राहतील.

अर्ज लिहिताना अडलं, ॲपमध्ये काही सापडलं नाही, तर आपापल्या गटाच्या सहयोगिनीला गाठा. बैठकीला फोन आणि पासबुक दोन्ही घेऊन या. आपण मिळून बघू. पुढच्या आठवड्यात याच वेळी भेटू. नमस्कार.